मुक्या फितीतले घोडे

मराठी बोलणाऱ्याच्या तोंडी दिवसातून एकदा तरी घोडा येतोच. कुणी वरातीमागून घोडं आणतो, कुणी पुस्तकात पानांची खोगीरभरती करतो, कुणाच्या जिभेला लगाम नसतो, आणि परीक्षा जवळ आली की घोडामैदान लांब नसतं. भाषेत घोडा असा पक्की मांड ठोकून बसला आहे. पण खोगिरात नेमकं काय भरतात? तंग आवळताना लबाड घोडं पोट फुगवून उभं राहतं, तेव्हा काय करायचं? शिंगराच्या तोंडात लगामाची कडी पहिल्यांदा कोणत्या वयात द्यायची? इथे आपण गप्प. चाबुकस्वार हा शब्द कोशात आहे. शिंगराला माणसाळवणारा, त्याला चाल शिकवणारा जो माणूस त्या शब्दामागे उभा होता, तो काय करत होता हे सांगायला मात्र कोशातल्या दोन ओळी पुरत नाहीत. शब्द उरले, हात गेले.

हाताची विद्या कागदावर उतरत नाही, हे कुठल्याही सुगरणीला ठाऊक असतं. पीठ मऊसर मळावं असं पुस्तकात लिहिता येतं. मऊसर म्हणजे किती, ते परातीत हात घातल्यावरच कळतं. घोड्याचं त्याहून अवघड, कारण इथे पिठालाही स्वतःचं मत असतं. मग ही विद्या फितीवर तरी उतरते का? उतरली तर किती? याचं एक चांगलं उदाहरण अमेरिकेतल्या नेवाडा राज्यात आहे.

नेवाडा म्हटलं की डोळ्यांपुढे लास व्हेगासचे दिवे येतात. ते शहर राज्याच्या दक्षिण टोकाला. उत्तरेकडचा नेवाडा म्हणजे हजार-दीड हजार मीटर उंचीवरचा कोरडा मुलूख, सेजब्रशची राखाडी खुरटी झुडपं आणि मधूनमधून डोंगरांच्या रांगा. तिथल्या हम्बोल्ट काउंटीत विनेमका हे रेल्वेचं गाव आहे. त्याच्या उत्तरेला साधारण ६५ किलोमीटरवर, सांता रोसा डोंगरांच्या पायथ्याशी पॅराडाइज व्हॅली नावाचं खोरं लागतं. १८६४ साली, म्हणजे नेवाडाला राज्याचा दर्जा मिळाला त्याच वर्षी, विल्यम स्टॉक नावाच्या जर्मन माणसाने इथे जमीन धरली आणि गुरं पाळायला सुरुवात केली. त्याच्या रँचचं नाव ‘नाइन्टी-सिक्स’. इंग्रजी आकड्यांतला ९६ डोक्यावर उभा केला तरी ९६च वाचला जातो. ही करामत मुद्दाम साधलेली असो वा नसो, मला ती भारी आवडते.

स्टॉकचा नातू लेस स्ट्यूअर्ट पुढे या रँचचा मालक झाला. १९४५ ते १९६५ या वीस वर्षांत त्याने कॅमेरा घेऊन स्वतःच्याच रँचवरची कामं टिपली. गुरं हाकणं, वासरांना डाग देणं, गवताच्या गंजी रचणं, असा वर्षभराचा रहाट. आवाज नाही, कथा नाही, नायिका तर नाहीच.

या फिती घरातच राहिल्या असत्या, तर आपल्यापर्यंत आल्या नसत्या. १९७६ साली अमेरिकेत कायदा होऊन लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये लोकजीवनाच्या अभ्यासासाठी ‘अमेरिकन फोकलाइफ सेंटर’ निघालं. तिथल्या अभ्यासकांनी १९७८ ते १९८२ या काळात पॅराडाइज व्हॅलीत जाऊन माणसांच्या मुलाखती ध्वनिमुद्रित केल्या, छायाचित्रं काढली, स्वतःही चित्रीकरण केलं. त्यातून १९८० साली स्मिथसोनियन संस्थेत प्रदर्शन भरलं आणि पुस्तक निघालं. स्ट्यूअर्टच्या जुन्या फिती या संग्रहाचा कणा ठरल्या. आज त्यात चाळीसेक चलच्चित्रं, २८ ध्वनिमुद्रणं आणि २,४०० च्या आसपास छायाचित्रं आहेत. गंमत अशी की १९८५ मध्ये हा ऐवज टिकवण्यासाठी त्या वेळचं अगदी नवं साधन निवडलं होतं, लेझरडिस्क. जेवणाच्या ताटाएवढी ती चकमकीत तबकडी आज लावायची तर यंत्र शोधावं लागतं. कातडी विणून केलेला दोर मात्र अजून वापरात आहे.

त्या दोराकडे यायचंच आहे. त्याआधी या माणसांचं नाव. उत्तर नेवाडातला गुराखी स्वतःला काउबॉय म्हणवत नाही, तो ‘बकारू’. स्पॅनिशमध्ये वाका म्हणजे गाय आणि गाईंमागे घोड्यावर फिरणारा तो वाकेरो. स्पॅनिश तोंडात ‘व’ चा ‘ब’ होतो, त्यामुळे बाकेरो, आणि इंग्रजी कानाने त्याचं केलं बकारू. टेक्सासचा काउबॉय आणि नेवाडाचा बकारू यांच्यात आपल्या घाटावरच्या आणि कोकणातल्या माणसाइतका फरक आहे, आणि दोघेही एकमेकांच्या पद्धतीला नावं ठेवण्यात तितकेच तरबेज.

ही परंपरा नेवाडात कॅलिफोर्नियातून आली. १७६९ पासून स्पॅनिश पाद्र्यांनी कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्याने मिशनं उभारली आणि गुरांचे प्रचंड कळप वाढवले. स्थानिक आदिवासींना घोड्यावर बसू द्यायचं नाही असा स्पॅनिश दंडक होता. पण मोकाट गुरं पायी कोण वळणार? शेवटी त्याच आदिवासींना घोडे द्यावे लागले आणि ते अव्वल वाकेरो झाले. १८४८ मध्ये कॅलिफोर्निया अमेरिकेकडे गेलं. १८६२ ते १८६४ च्या दुष्काळात तिथली गुरं खंगून मेली. उरलेली घेऊन मालक पूर्वेकडे नवं कुरण शोधत निघाले. गुरांबरोबर वाकेरो आले, वाकेरोंबरोबर त्यांचं खोगीर, त्यांचा दोर आणि घोडा शिकवण्याची त्यांची संथ रीत.

संथ म्हणजे किती संथ? नवा घोडा हाताखाली घेतला की बकारू त्याच्या तोंडात लोखंड घालतच नाही. त्याच्या नाकाभोवती कच्च्या कातड्याच्या वेणीची एक कडी येते, तिला बोसाल म्हणतात. हनुवटीखाली तिची जड गाठ असते आणि त्या गाठीला घोड्याच्याच आयाळीच्या केसांचा पिळलेला दोर, मेकाते. दोर जरा उचलला की कडी नाकावर टेकते. सोडला की गाठीच्या वजनाने ती आपोआप सैल पडते. घोडं त्या टेकण्यापेक्षा सैल पडण्याने शिकतं, कारण बरोबर केलं की लगेच सुटका मिळते. केसांचा दोर खरखरीत असल्यामुळे तो मानेला नुसता लागला तरी घोड्याला कळतं.

या रीतीला एक व्यवहारी कारणही आहे. घोड्याचे दुधाचे दात अडीच वर्षांपासून पडू लागतात आणि पाचव्या वर्षापर्यंत पक्के येतात. या काळात तोंड दुखरं असतं. दुखऱ्या तोंडात लोखंड दिलं की घोडं मान झटकायला शिकतं आणि ती खोड मग जन्मभर जात नाही. म्हणून आधी नाकावर शिकवायचं. पुढे बारीक बोसाल तसाच ठेवून तोंडात कडी द्यायची, पण ती नुसती वागवायला. हुकूम नाकावरूनच. या टप्प्याला दुहेरी लगाम म्हणतात. महिनोन् महिने गेल्यावर हळूहळू हुकूम नाकावरून तोंडात सरकवायचा. या सगळ्याला चार-पाच वर्षं सहज लागतात. शेवटी घोड्याच्या तोंडात जी कडी येते तिचा मधला भाग चमच्यासारखा टाळूकडे उभा असतो. पाहिल्यावर अंगावर काटा येतो, आणि तो यायलाच हवा: अडाणी हातात हे शस्त्रच आहे. जाणत्या हातात ती कडी ओढली म्हणून जात नाही. एका हाताची दोन बोटं हलली की टाळूपाशी काहीतरी बदललं एवढं घोड्याला समजतं आणि ते वळतं. कडीत तांब्याची एक छोटी फिरकी असते. घोडं जिभेने ती फिरवत राहतं आणि तिचा किरकिर आवाज येतो, म्हणून तिचं नावच रातकिडा.

नाकावरच्या या साजाला इंग्रजीत हॅकमोर म्हणतात. हा शब्द स्पॅनिश हाकिमावरून आला आणि हाकिमा अरबी शकीमावरून. आठव्या शतकात अरब आणि बर्बर स्वार स्पेनमध्ये शिरले, त्यांच्याबरोबर त्यांचे शब्द आणि आखूड रिकिबीची चपळ बैठकही शिरली. उत्तर आफ्रिकेतल्या झनाता टोळ्यांवरून स्पॅनिशांनी त्या बैठकीला हिनेता असं नाव दिलं. आता आपल्याकडे वळा. रिकीब हा शब्द अरबी, अबलखही अरबीच. लगाम, तंग, चाबुकस्वार फारशी. खोगीर म्हणजे फारशीत घाम धरणारं. एका दिशेला हे शब्द भीमा-नीरेच्या काठच्या पागांमध्ये आले, दुसऱ्या दिशेला समुद्र ओलांडून नेवाडाच्या झुडपांत पोचले. पैठणीवरचा मोर आणि पर्शियन गालिच्यावरचा मोर यांची भेट व्हावी, तशी रिकीब आणि हॅकमोर यांची झाली असती तर दोघांनी एकमेकांची चौकशी नक्की केली असती. मेकातेचं कुळ मात्र निराळं आहे. तो मेक्सिकोच्या नाहुआत्ल भाषेतला दोर आहे. इंग्रजी तोंडात त्याचं झालं मॅकार्टी. ऐकणाऱ्याला वाटावं, एखादा आयरिश मामाच.

आता दोर. तो म्हणजे रिआता. ला रिआता असं जोडून म्हटलं की इंग्रजी लॅरिअट तयार होतो. गाईच्या कच्च्या कातड्याच्या लांब पट्ट्या कापायच्या, ओल्या असताना चार किंवा अधिक पदरांची घट्ट वेणी घालायची. अशी वेणी १८ मीटर लांब, कधी त्याहून जास्त. टेक्सासचा काउबॉय याच्या निम्म्या लांबीचा दोर वापरतो आणि त्याचं टोक खोगिराच्या पुढच्या खुंटीला, म्हणजे शिंगाला, गाठ मारून बांधून टाकतो. फास पडला की गाय आणि घोडा एकमेकांना बांधलेले. जो काही धक्का बसेल तो दोराने सोसायचा. कातड्याच्या दोराला हे परवडत नाही. तो संथ ओढ छान सोसतो, पण चार-पाचशे किलोच्या जनावराने एकदम हिसका दिला तर काडकन तुटतो. म्हणून बकारू गाठ मारतच नाही. फास पडला की हातातला दोर खोगिराच्या शिंगाभोवती भराभर गुंडाळतो आणि मग तो सरकू देतो. स्पॅनिशमध्ये वेढा देणे म्हणजे दार ला वुएल्ता. त्याचं इंग्रजीत झालं डॅली.

यामागचं गणित धक्क्यावर गलबत बांधणाऱ्या कुठल्याही खलाशाला न शिकता येतं. खुंटाभोवती दोराचे वेढे वाढवले की पकड बेरजेने वाढत नाही, गुणाकाराने वाढते. शिंगावरच्या कातड्याशी दोराचा घर्षणांक ०.३ धरला, तर एका पूर्ण वेढ्याने हाताचा जोर साधारण साडेसहा पट होतो आणि दोन वेढ्यांनी चाळीस पटींच्या वर जातो. म्हणजे दोन बोटांच्या चिमटीने धरलेला दोर धावत्या वळूला आवरतो. वेढा कमी केला की दोर सरकतो आणि हिसका जिरतो. शिंगावर म्हणून गुळगुळीत कातडं चढवलेलं असतं. रबर गुंडाळलं तर दोर सरकणारच नाही. उजव्या हाताचा माणूस हे वेढे घड्याळाच्या उलट दिशेने देतो आणि देताना अंगठा वर ठेवतो. अंगठा खाली राहिला तर तो दोर आणि शिंग यांच्यात सापडतो, आणि पलीकडून गाय ओढत असते. बकारूंच्या मुलखात अंगठ्याचं पेर गमावलेली माणसं असतात, ती यामुळेच.

हे वर्णन मी दोन परिच्छेदांत केलं आणि तरी वाचकाला वेढा देता येणार नाही. फास हातातून सुटल्यापासून दोन वेढे बसेपर्यंत एक-दोन सेकंद जातात. त्यात घोडा काय करतो? तो आधीच मागच्या पायांवर बसू लागलेला असतो. स्वाराचं वजन कुठे असतं? डावा हात लगाम किती सैल सोडतो? हे सगळं एकाच क्षणी घडतं आणि भाषेला एका वेळी एकच गोष्ट सांगता येते. इथे फीत कामाला येते.

आणि ती फीत कुणी घेतली, यालाही महत्त्व आहे. बाहेरून चित्रीकरणाला मंडळी येणार म्हटलं की गावात काय होतं, हे आपल्याला चांगलं ठाऊक आहे. अंगण सारवलं जातं, ठेवणीतला फेटा निघतो, आणि रोज दुपारनंतर होणारं काम सकाळच्या उन्हात करून दाखवलं जातं. स्ट्यूअर्टचं तसं नव्हतं. काम कधी आहे हे त्याला विचारावं लागत नव्हतं, कारण ते तोच ठरवत होता. गाय कुठून फुटेल हे त्याला माहीत, म्हणून कॅमेरा घेऊन कुठे उभं राहायचं हेही माहीत. समोरची माणसं आपल्या मालकाला बघून लाजणार कशाला? कंटाळवाणी कामं टिपायला वेळ देणारा माणूस सहसा त्या कामाच्या आतलाच असतो.

गवताचंच घ्या. काउबॉयच्या सिनेमात गवत कापताना कुणी दिसत नाही. उत्तर नेवाडात मात्र गवताशिवाय गुरं जगत नाहीत, हे तिथल्या लोकांना १८८९-९० च्या हिवाळ्याने शिकवलं. तोवर गुरं बारा महिने मोकळ्या रानावर सोडलेली असत. त्या वर्षी बर्फ असा पडला की बहुतेक मालकांचे कळपच्या कळप उभ्या जागी गोठले. त्यानंतर उन्हाळ्यात गवत कापून साठवणं हे रँचचं मोठं काम झालं, आणि घोड्यावर बसण्याचा तोरा असलेल्या बकारूंना ते बिलकुल आवडलं नाही. पुढे काटेरी तार आली, १९३४ साली सरकारी माळावर किती गुरं चारायची याचे कायदे आले, मग ट्रॅक्टर आला आणि गुरं नेणारा ट्रक आला. पूर्वी कळप दिवसेंदिवस हाकत विनेमकाच्या रेल्वेपर्यंत न्यावे लागत. स्ट्यूअर्टचा कॅमेरा सुरू होता ती वीस वर्षं नेमकी या बदलाची आहेत.

या मुलखातल्या बकारूंत नॉर्दर्न पायूट आणि शोशोनी समाजातले स्वार पिढ्यान् पिढ्या होते. हॉलिवुडने जगाला काउबॉय विरुद्ध इंडियन असा खेळ शिकवला आणि आपल्याकडच्या पोरांनीही तो अंगणात खेळून काढला. पॅराडाइज व्हॅलीच्या परिसरात उत्तम काउबॉयच बऱ्याचदा इंडियन असायचा. तो कुणाच्या काफिल्यावर हल्ला करत नव्हता, वासराला डाग देत होता.

जुनी फीत पाहताना एक काळजी घ्यावी लागते. हौशी माणसांचे मूक कॅमेरे बहुधा सेकंदाला १६ चित्रं घेत. तीच फीत सेकंदाला २४ च्या वेगाने चालवली की सगळं दीडपट भरभर होतं. माणसं तुरुतुरु चालतात आणि घोडे बावचळल्यासारखे दिसतात. चार्ली चॅप्लिनच्या बाबतीत हे चालून जातं. इथे मात्र त्या कामाचा स्वभावच नाहीसा होतो, कारण बकारूचा सगळा भर गुरांना न धावडवण्यावर असतो. धावलं जनावर म्हणजे झडलेलं वजन आणि बुडालेला पैसा. वेग चुकला की घोड्याच्या चालीही खोट्या दिसतात. कदम चालीत चार टापा वेगवेगळ्या पडतात, दुडकीत तिरप्या पायांची जोडी एकदम पडते. भरधाव घोड्याची एक झेप अर्ध्या सेकंदाच्या आसपास संपते. १६ च्या हिशेबाने तिला जेमतेम आठ चित्रं मिळतात. तेवढ्यातून पाय मोजायचे.

घोड्याचे पाय मोजण्यासाठीच तर हलत्या चित्रांची धडपड सुरू झाली. धावताना घोड्याचे चारही पाय एकदम अधांतरी असतात का, असा प्रश्न होता. कॅलिफोर्नियातल्या पालो आल्टोला १८७८ साली छायाचित्रकार एडवर्ड मायब्रिजने १२ कॅमेरे ओळीने लावले आणि घोड्याच्या वाटेत त्यांचे धागे आडवे ताणले. उत्तर आलं: असतात, पण चित्रकार रंगवत आले तसे पुढे-मागे फाकलेले नसतात. पाय पोटाखाली गोळा होतात तेव्हा घोडा अधांतरी असतो. खर्च करणारा होता लीलंड स्टॅनफर्ड, सेंट्रल पॅसिफिक रेल्वेचा अध्यक्ष. त्याच रेल्वेचे रूळ दहा वर्षांपूर्वी, १८६८ साली, विनेमकापर्यंत आले होते आणि पॅराडाइज व्हॅलीची गुरं त्याच रुळांवरून बाजाराला जात होती.

कॅमेरा नसेल आणि फक्त प्रेक्षक असेल तर काय होतं, याची एक गोष्ट हंगेरीतली. तिथल्या पूर्वेकडच्या होर्तोबाज माळावरचा घोडेवाला गुराखी म्हणजे चिकोश. निळा घोळदार पोशाख, हातात लांब कोरडा, आणि खोगीर असं की त्याला तंगच नाही. नुसतं पाठीवर ठेवलेलं, तोल गेला तर स्वारासकट खाली. पर्यटकांना तिथे एक कसरत हमखास दाखवतात. स्वार मागच्या दोन घोड्यांच्या पाठींवर एकेक पाय देऊन उभा आणि पुढे तीन घोडे चौखूर. शेकडो वर्षांची परंपरा वाटते. प्रत्यक्षात हे दृश्य लुडविग कोख नावाच्या ऑस्ट्रियन चित्रकाराच्या कल्पनेतलं. त्याचं चित्र पाहून बेला लेनार्ड या चिकोशाने १९५० च्या दशकात ते खरं करून दाखवलं. लेनार्डच्या हिमतीला सलामच. पण ही कळप राखण्याची विद्या नव्हे.

त्याच माळावर १९३० च्या दशकात गेओर्ग ह्योलरिंग हा ऑस्ट्रियन दिग्दर्शक कॅमेरा घेऊन पोचला. ‘होर्तोबाज’ या १९३६ च्या त्याच्या चित्रपटाला झिग्मोंद मोरित्स या मोठ्या हंगेरियन लेखकाची कथा आहे आणि लोकसंगीत गोळा करणाऱ्या लास्लो लायताचं संगीत. कामं माळावरच्याच माणसांनी केली. त्यात शिंगरू जन्मताना दिसतं, आणि ते दाखवावं की नाही यावर सभ्य जगात गडबड उडाली. इंग्लंडमध्ये कादंबरीकार ग्रॅहम ग्रीनने चित्रपटाची मनापासून तारीफ केली. कथा बेतलेली असली तरी घोड्यांना पटकथा वाचून दाखवलेली नव्हती, म्हणून आज तो चित्रपट पुरावा म्हणूनही पाहिला जातो.

आपल्याकडे दत्तजयंतीला तापीकाठी सारंगखेड्याला घोडेबाजार भरतो. हलगीच्या ठेक्यावर नाचणारे घोडे, त्यांच्याभोवती कडं, आणि कड्यातल्या प्रत्येकाच्या हातात मोबाइल. घोड्यांचं इतकं चित्रण आजवर कधी झालं नसेल. लेंढ्यामागून बिऱ्हाड वाहणाऱ्या धनगराच्या घोड्याकडे मात्र सहसा कुणाचा मोबाइल वळत नाही. त्याच्या पाठीवर वाकळा, भांडी, चार-दोन कोकरं आणि सगळ्यांत वर पाय बांधलेल्या कोंबड्या असतात. भीमथडीचं म्हणून गाजलेलं ते काटक, बुटकं घोडं धनगरांनीच टिकवून धरलं. अलीकडेच देशी घोड्यांची स्वतंत्र जात म्हणून त्याची सरकारदरबारी नोंद झाली. नोंदीत उंची, रंग, कानांची ठेवण हे सगळं येतं. पहाटे अंधारात ते ओझं कोणत्या क्रमाने चढतं, की दिवसभर चालून कोंबडी कलंडू नये, हे त्यात येत नाही. ते बहुधा धनगरणीच्या हातात असतं.

नेवाडाच्या फितीतही सगळं आलं आहे असं नाही. ती मुकी आहे, त्यामुळे घोड्याच्या तोंडातला रातकिडा तिच्यात वाजत नाही, आणि बकारू म्हणतात की त्या किरकिरीवरून घोड्याचं चित्त कळतं. घोड्याच्या टाळूपाशी काय घडतं, हेही कॅमेऱ्याला दिसणार नाही. लगामातून बोटांपर्यंत जे पोचतं त्याला इंग्रजीत फील म्हणतात. या शब्दावर घोडे शिकवणाऱ्या टॉम डॉरन्सने अख्खी हयात घालवली. त्याचा शिष्य रे हंट हा बकारूच. त्याने तीच गोष्ट गावोगाव शिबिरं घेऊन शिकवली, आणि हंटचा शिष्य बक ब्रॅनमन याच्यावर २०११ साली निघालेला ‘बक’ हा माहितीपट घोड्याशी काही संबंध नसलेल्यांनीही पाहिला. या माळेतला प्रत्येक जण समोर उभ्या माणसाकडून शिकला, आणि शिकताना समोर घोडाही होता.

तरीही आज कुणी नवखा पहिल्यांदा वेढा द्यायला शिकतो, तेव्हा त्याला असं जुनं चित्रण लावून देतात आणि ते हळू करायला सांगतात. तो साहजिकच हवेतून जाणाऱ्या फासाकडे बघतो, मग वासराकडे, मग बसू लागलेल्या घोड्याकडे. शिकवणारा फीत मागे घेतो. पुन्हा लावतो. या खेपेला शिंगाकडे बघ, त्या अंगठ्याकडे.